शोकांतिकेचं विडंबन म्हणजे मूळ लेखकाचा अपमान नाही का?

तुम्ही विचारलंय की कॉलेजच्या कार्यक्रमासाठी एका अभिजात शोकांतिकेचं विडंबन लिहायचं मनात आहे, पण सर म्हणतात रूपांतर कर, विडंबन म्हणजे थोरांची टिंगल. यात खरं काय, आणि सुरुवात कुठून करायची?

अपमान नाही. एखाद्या कृतीवर जीव असल्याशिवाय तिचं चांगलं विडंबन लिहिताच येत नाही. हे इतक्या तावातावाने सांगतोय, कारण हाच आरोप माझ्यावर भर तालमीत झाला होता आणि तेव्हा मला धड उत्तर देऊ दिलं गेलं नाही.

आधी अत्र्यांचंच उदाहरण घ्या. केशवसुतांच्या प्रसिद्ध सुनीताची (म्हणजे चौदा ओळींच्या कवितेची) पहिली ओळ: 'आम्ही कोण म्हणूनि काय पुसता? आम्ही असूं लाडके'. शार्दूलविक्रीडित वृत्त, एकोणीस अक्षरं, बाराव्या अक्षरावर यती, म्हणजे थांबा. आता 'केशवकुमार' या नावाने अत्र्यांनी 1925 च्या 'झेंडूची फुले'त काय केलं ते बघा: 'आम्ही कोण म्हणून काय पुसता दाताड वेंगाडुनी?' यतीपर्यंतची बारा अक्षरं जवळपास जशीच्या तशी केशवसुतांची. मोडतोड सुरू होते ती नेमकी यतीच्या पलीकडे, उरलेल्या सात अक्षरांत, आणि तिथेही लघुगुरूचा क्रम कुठे ढळत नाही. वृत्त कानात मुरलेल्या माणसालाच हे जमतं. शिवाय बाण केशवसुतांना लागतच नाही. पुढे हा कवी विचारतो की मासिकात माझा फोटो नाही का पाहिलात, आणि तो फोटोवाला कवी अत्र्यांच्या काळातला आहे. केशवसुत 1905 मध्येच गेले होते. त्यांची कविता इथे मापाची पट्टी म्हणून वापरली आहे, आणि त्या पट्टीला खुजे ठरतात ते नंतरचे.

हीच युक्ती इसवी सनापूर्वी 405 मध्ये ग्रीक विनोदी नाटककार ॲरिस्टोफेनीसने अथेन्सच्या रंगभूमीवर केली होती. त्याच्या 'बेडूक' नाटकात पाताळात दोन शोकांतिकाकारांचा सामना रंगतो. युरिपिडीस आपल्या नाटकांच्या सुरुवातीच्या ओळी म्हणू लागतो, आणि इस्किलस दर वेळी मध्येच त्याचं वाक्य पुरं करतो: '...तेलाची कुपी हरवून बसला'. राजा असो की वीर, प्रत्येकाची कुपी हरवते, कारण युरिपिडीसच्या ओळींची ठेवणच अशी की यतीनंतर ते शेपूट चपखल बसतं. युरिपिडीसला जाऊन तेव्हा वर्षही सरलं नसेल. आणि नाटकाची सुरुवात कशी होते? त्याच्यावाचून करमत नाही म्हणून त्याला परत आणायला नाट्यदेव डायोनिसस स्वतः पाताळात उतरतो. या थट्टेच्या मुळाशी तळमळ आहे.

आता माझी गोष्ट. आमची हौशी नाट्यसंस्था. वर्धापनदिनाला जुन्या नाटकांतले प्रवेश करायची पद्धत होती. त्या वर्षी शेक्सपिअरच्या 'ऑथेल्लो'तला, म्हणजे संशयापायी बायकोचा जीव घेणाऱ्या नवऱ्याच्या नाटकातला, रुमालाचा प्रवेश ठरला, आणि त्याला जोडून मी एक छोटं प्रहसन लिहिलं: 'रुमालाची साक्ष'. ऑथेल्लोच्या बायकोच्या, डेस्डिमोनाच्या, खुनाचा खटला चालू आहे आणि साक्षीदाराच्या पिंजऱ्यात रुमाल उभा आहे. पांढऱ्या झब्ब्यावर लाल स्ट्रॉबेऱ्या रंगवलेला एक मुलगा तो झाला होता.

वकील विचारतो, 'तू हरवलास कसा?' हा प्रश्न मला सुचला तो नाटक पुन्हापुन्हा वाचल्यामुळेच. तिसऱ्या अंकात ऑथेल्लो डोकं दुखतंय म्हणतो. डेस्डिमोना रुमाल बांधायला जाते. 'तुझा रुमाल फार लहान आहे' असं म्हणून तो बाजूला सारतो, आणि रुमाल खाली पडतो. मग इमिलिया तो उचलते, आपल्या नवऱ्याला, इयागोला देते, आणि डेस्डिमोनाचं कॅसिओशी सूत असल्याचं ऑथेल्लोला पटवू पाहणारा हा इयागो तो कॅसिओच्या खोलीत टाकतो. म्हणजे ज्या रुमालापायी हा गृहस्थ बायकोचा गळा दाबतो, तो त्याच्याच हाताने झिडकारला गेलेला आहे! तो पडला तेव्हा ऑथेल्लो समोर होता. पुढे तोच बायकोला विचारतो, रुमाल कुठे आहे? माझा रुमाल पिंजऱ्यात उभा राहून एवढंच म्हणायचा, 'हुजूर, मी हरवलो नाही. मला टाकलं.'

मग उलटतपासणी. 'तू आलास कुठून?' शेक्सपिअरने इथे एक विलक्षण गोष्ट करून ठेवली आहे आणि ती नाटक बघताना सहसा निसटते. ऑथेल्लो आधी बायकोला सांगतो की हा रुमाल एका इजिप्शियन बाईने माझ्या आईला दिला, त्यात जादू आहे. शेवटच्या अंकात तोच सांगतो की हा माझ्या वडिलांनी आईला दिला होता. एका रुमालाच्या दोन हकिकती. माझा साक्षीदार म्हणायचा, 'माझा जन्म मलाच ठाऊक नाही. जसा त्यांचा राग, तशी माझी हकिकत.'

रंगीत तालमीत लोक हसले, आणि त्या वाक्याला एकदम गप्प झाले. तेच मला हवं होतं.

तालीम संपल्यावर आमचे ज्येष्ठ दिग्दर्शक उठले. त्यांना आम्ही सगळे काका म्हणायचो. म्हणाले, 'ही शेक्सपिअरची टवाळी आहे. हसवायचंच असेल तर देवलांसारखं रूपांतर करून दाखव. विडंबनातून मूळ काढून घेतलं तर उरतं काय?' माझं प्रहसन कार्यक्रमातून निघालं, मूळ रुमालाचा प्रवेश तेवढा राहिला. मी बोलायला लागलो तर 'वेळ नाही' म्हणाले.

बाकी कुणाचंही नाव घेतलं असतं तर मी गप्प बसलो असतो. पण देवल! गोविंद बल्लाळ देवलांनी 1890 मध्ये 'ऑथेल्लो'वरून 'झुंझारराव' लिहिलं. आणि तीनच वर्षांनी, 1893 मध्ये, 'फाल्गुनराव अथवा तसबिरीचा घोटाळा'. तेच पुढे 1916 मध्ये 'संगीत संशयकल्लोळ' झालं. या दोन नाटकांचे सांगाडे शेजारी ठेवून बघा. एकीकडे रुमाल पडतो आणि एक बायको तो उचलते. दुसरीकडे रेवतीला भोवळ येते, तिच्या हातून तिच्या प्रियकराची, अश्विनशेठची तसबीर पडते आणि संशयी फाल्गुनरावाची बायको ती उचलते. दोन्हीकडे वस्तू नको त्या हाती लागते, दोन्हीकडे पुरुष डोळ्यांनी पाहिलं ते खरं मानतो. एकात खून होतो, दुसऱ्यात लोक पोट धरून हसतात. संशय हाच रोग एकाच नाटककाराने तीन वर्षांत रडवून आणि हसवून, दोन्ही प्रकारे दाखवला. देवलांनी 'ऑथेल्लो'चं विडंबन केलं असं माझं म्हणणं नाही. 'फाल्गुनराव'चं मूळ वेगळं आहे. फ्रेंच नाटककार मोलिएरचं 1660 चं नाटक, त्यावरून आर्थर मर्फीचं 1761 चं 'ऑल इन द राँग', त्यावरून देवल. पण ज्यांनी ही दोन्ही नाटकं लिहिली, त्या माणसाचं नाव घेऊन मला सांगायचं की रुमालावर हसू नये?

टवाळी कशाला म्हणतात तेही सांगतो. 1693 मध्ये टॉमस रायमर नावाच्या इंग्रज टीकाकाराने 'ऑथेल्लो'ला रुमालाची शोकांतिका म्हणून हिणवलं. बायकांनी आपली वस्त्रं नीट सांभाळावीत, हा यातून घ्यायचा एक बोध, असं त्याने लिहिलं. ते विडंबन नव्हतं, मोठ्या गांभीर्याने केलेली टीका होती. रायमरला रुमाल क्षुल्लक वाटला. माझ्या प्रवेशात सगळ्या नाटकात एकटा रुमाल खरं बोलतो.

आणि त्या कार्यक्रमात काय झालं? डेस्डिमोना करणारी ताई तालमीनंतर मला म्हणाली होती, 'इतके दिवस रुमाल पडला की मी रुमालाकडे बघायचे. आता त्याच्या हाताकडे बघेन.' तिने तसंच केलं. रुमाल पडला, ती क्षणभर ऑथेल्लोच्या हाताकडे बघत राहिली, मग त्याच्या मागोमाग आत गेली. सभागृहात टाचणी पडली तर ऐकू आली असती. काकांनी विंगेतून मान डोलावली आणि नंतर सगळ्यांसमोर त्या क्षणाचं कौतुक केलं. तो क्षण त्यांनी कापलेल्या प्रवेशातून आला होता. तेव्हा मी बोललो नाही, आता बोलतोय.

मूळ काढून घेतलं तर उरतं काय, याचंही उत्तर आहे. जॉन गेने 1728 मध्ये लंडनच्या बड्या लोकांच्या इटालियन ऑपेराची खिल्ली उडवायला 'बेगर्स ऑपेरा' लिहिला, त्यात राजेराण्यांच्या जागी चोरदरोडेखोर आणले. बरोबर दोनशे वर्षांनी, 1928 मध्ये, जर्मन नाटककार ब्रेख्तने त्यावरून 'थ्री पेनी ऑपेरा' केला. त्यावरून 1978 मध्ये पुलंनी 'तीन पैशाचा तमाशा' लिहिला आणि जब्बार पटेलांनी तो बसवला. तमाशा बघायला आलेल्या मराठी प्रेक्षकाला गेने कोणत्या ऑपेराची टर उडवली याच्याशी काय देणंघेणं होतं? मूळ कधीच गळून पडलं, विडंबनाचा वंश चालू राहिला. 'डॉन किहोते' वाचणाऱ्यांपैकी किती जण त्यात चेष्टा झालेल्या शिलेदारी कादंबऱ्या वाचतात?

रूपांतराबद्दल माझं मत कडवट आहे, पण रूपांतराला माझा विरोध नाही. विरोध आहे तो नावं बदलून, गाव बदलून, जसंच्या तसं मराठीत ओतलेल्या नाटकांना. परक्या नाटकातली माणसं मराठी नावं लावून फिरतात, पण भांडतात परक्यासारखी, माफी मागतात परक्यासारखी. त्याने मूळ लेखकाचीच अब्रू जाते, कारण प्रेक्षकाला वाटतं मूळही असंच निर्जीव असणार. चांगलं रूपांतर कसं असतं ते 'ती फुलराणी'त बघा. त्याचं मूळ, शॉचं 'पिग्मॅलियन', हे उच्चारांवरून माणसाची पायरी ठरवणाऱ्या समाजाचं नाटक. तो समाज आपल्याकडेही होताच, पुलंनी फक्त त्याची बोली शोधून काढली. किंवा 'नटसम्राट' घ्या. शिरवाडकरांनी त्याआधी 'मॅकबेथ' आणि 'ऑथेल्लो' मराठीत आणले होते. 1970 च्या 'नटसम्राट'मध्ये त्यांनी शेक्सपिअरच्या किंग लिअरची, मुलींनी दुखावलेल्या म्हाताऱ्या राजाची, सावली तेवढी घेतली. लिअरच्या नाटकात त्याची राणी रंगमंचावर येतच नाही. 'नटसम्राट'च्या नायकाला, बेलवलकरांना, मात्र बायको कावेरी आहे, त्यांचं 'सरकार'. मुलांनी दुखावलेल्या बापाशेजारी मराठी घरात आई असणारच, हे ओळखलं आणि नाटक परकं राहिलं नाही. याला मी रूपांतरही म्हणणार नाही, हा पुढचा जन्म आहे.

तर तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर. मूळ नाटकातली एक गोष्ट शोधा, जी लेखकाने लिहिली आहे पण पात्रांनी दुर्लक्षिली आहे. एखादी वस्तू, एखादा नोकर, दोनदा वेगळी सांगितलेली हकिकत. तिला बोलतं करा. भाषा मूळच्याच चालीत ठेवा: पल्लेदार स्वगत असेल तर तुमचं स्वगतही पल्लेदार हवं, पद असेल तर चाल आणि वृत्त सांभाळा. वृत्त मोडलं की विडंबन मेलं. आणि गाजलेल्या गाण्यात ऑफिसचे नाहीतर परीक्षेचे शब्द कोंबले की विडंबन झालं असं समजू नका. त्यात मूळ गाण्याबद्दल एक अक्षर नसतं. कुठल्या नाटकापासून सुरुवात करावी हे मी सांगणार नाही. ज्याचे संवाद तुम्हाला पाठ आहेत ते घ्या.

सरांना काय सांगायचं? देवलांची ती दोन नाटकं त्यांच्या टेबलावर ठेवा.

काही गोष्टी राहिल्या. आपल्याकडे कॉपीराइट लेखकाच्या मृत्यूनंतर 60 वर्षं चालतो. शेक्सपिअर, देवल, केशवसुत मोकळे आहेत. अत्रे 1969 मध्ये, शिरवाडकर 1999 मध्ये, पुलं 2000 मध्ये गेले, त्यामुळे त्यांच्या संहिता मोकळ्या नाहीत. आणि शेक्सपिअर मोकळा असला तरी शिरवाडकरांचा मराठी 'ऑथेल्लो' मोकळा नाही. त्यातले संवाद उचलायचे असतील तर परवानगी घ्या, नाहीतर इंग्रजीवरून स्वतः भाषांतर करा. टीकेसाठी थोडा भाग वापरायला कायद्यात जागा आहे, पण अख्खा प्रवेश उचलून वर 'हे विडंबन आहे' म्हणणं त्यात बसेल अशा भरवशावर राहू नका. कॉलेजबाहेर जाहीर प्रयोग करायचा झाला तर संहिता आधी रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळाकडे, म्हणजे नाटकांच्या सेन्सॉरकडे, पाठवावी लागेल, ते काम शेवटच्या आठवड्यावर टाकू नका.