लडाखचा इतिहास कुठून वाचावा

चि. मित्रास,
अनेक आशीर्वाद.

लडाखच्या इतिहासावर काय वाचायचं त्याची तुझी यादी मिळाली. तीत बहुतेक पुस्तकं १९६२ च्या भारत-चीन युद्धाभोवती फिरणारी आहेत. ती वाच, पण सगळ्यात शेवटी. तिथूनच सुरुवात केलीस तर लडाख म्हणजे नकाशावरची रेघ आणि रेघेच्या दोन्ही अंगांना उभ्या पलटणी, एवढंच डोक्यात बसेल. त्या रेघेच्या कितीतरी आधी तिथे एक राज्य होतं, आणि लेहच्या बाजारात यारकंद, ल्हासा, काश्मीर, पंजाब इथले व्यापारी घासाघीस करत बसलेले असायचे.

पाया म्हणून लुचियानो पेटेक या इटालियन अभ्यासकाचं १९७७ चं पुस्तक घे. लडाखच्या राज्याचा सुमारे ९५० ते १८४२ पर्यंतचा इतिहास त्यात आहे. वाचायला रुक्ष, नावं तर जीभ अडखळवणारी. तरीही तळटीपा सोडू नकोस, खरा माल तिथेच आहे.

पेटेकचा मुख्य आधार म्हणजे लडाखच्या राजांची वंशावळ, ‘ला-द्वाग्स ग्याल-रब्स’. आपल्या बखरीची ही सख्खी बहीण. सृष्टीच्या उत्पत्तीपासून सुरुवात, मग बुद्धाचं शाक्यकुळ, मग तिबेटचे राजे, आणि बऱ्याच पानांनंतर लडाख. राजवाड्यांनी बखरींना जसं धारेवर धरलं तसंच हिलाही धरावं लागतं, मात्र हिला टाळून पुढे जाता येत नाही. ती इंग्रजीत आणायला सुरुवात केली लेहच्या मोरेव्हियन या ख्रिस्ती मिशनमधल्या एका डॉक्टरने. त्याचं नाव कार्ल मार्क्स! ग्रंथालयाच्या सूचीत हे नाव दिसलं तर दचकू नकोस, हा निराळा. तो १८९१ मध्ये लेहलाच वारला. पुढे त्याच मिशनच्या फ्रांकेने ते काम हाती घेतलं, आणि १९२६ साली मूळ तिबेटी पाठ व भाषांतर एकत्र छापून आलं.

आता ही बखर तपासायची कशी, ते एका प्रकरणावरून सांगतो. सतराव्या शतकाच्या शेवटी तिबेट आणि लडाख यांच्यात लढाई जुंपली आणि काश्मीरहून मोगल फौज लडाखच्या मदतीला आली. पेटेकने आधी या युद्धाचा काळ १६८१ ते १६८३ असा धरला होता. १९६८ मध्ये झहिरुद्दीन अहमद यांनी पाचव्या दलाई लामाचं आत्मचरित्र समोर ठेवलं आणि तोच काळ १६७९ ते १६८४ असा लावला. बखर बदलली नव्हती, तिच्याशेजारी दुसऱ्या बाजूचा कागद आला एवढंच.

त्या युद्धाचा शेवट तिंगमोसगांगच्या तहाने झाला. पश्चिम तिबेटातली पश्म, म्हणजे शालींची मऊ लोकर, लडाखलाच विकायची, लेहहून दर तीन वर्षांनी ल्हासाला नजराणा घेऊन ‘लोपचाक’ नावाचा तांडा जायचा, ल्हासाकडून चहाचा तांडा लेहला यायचा, अशी त्यातली कलमं. म्हणजे ज्याला आपण सरहद्दीचा तह म्हणतो त्याचा मोठा भाग लोकर आणि चहा यांचा आहे. आणि हा तह आपण वाचतो तो बखरीत दिलेल्या हकिगतीतून, मूळ सहीशिक्क्याचा कागद हाताशी नाही. १९६० साली भारत आणि चीनच्या अधिकाऱ्यांनी याच तहावर किती खल केला ते त्यांच्या अहवालात बघ. त्या अहवालाला हात घालण्याआधी बखरीतला तो उतारा स्वतः वाचलेला असू दे, नाहीतर दोन वकिलांपैकी जास्त सफाईने बोलणाऱ्याच्या मागे जाशील.

जम्मूच्या डोग्रा राजाने लडाखवर केलेल्या स्वारीसाठी तर तुझं नशीब चांगलं आहे. १८३४ मध्ये त्या राजाचा, गुलाबसिंगाचा, सेनापती जोरावर सिंग लडाखवर चालून गेला आणि १८४१ च्या डिसेंबरात तिबेटात मारला गेला. त्याच्या सैन्यातला अधिकारी बस्तीराम याने सांगितलेली हकिगत अलेक्झांडर कनिंगहॅम या इंग्रज अधिकाऱ्याच्या लडाखवरच्या १८५४ च्या ग्रंथात आहे. लडाखातल्या खलत्से गावच्या त्सेतानने सांगितलेली लडाखी बाजू फ्रांकेने उतरवून घेतली. दोन्ही एकाच टेबलावर उघडी ठेवून वाच. गुलाबसिंगाच्या दरबाराची बाजू हवी असेल तर दिवाण कृपाराम यांचा फारसी ‘गुलाबनामा’ आहे, त्याचं इंग्रजी भाषांतरही झालेलं आहे. त्यात धन्याची स्तुती भरपूर, ती गाळून घ्यायची.

परदेशी प्रवाशांत मूरक्रॉफ्ट चुकवू नकोस. हा ईस्ट इंडिया कंपनीच्या घोड्यांच्या पागेचा अधिकारी. चांगले घोडे शोधत निघाला आणि १८२० मध्ये लेहला पोचला. तिथे त्याने परस्पर व्यापारी करार केला आणि कंपनीने तो झटकून टाकला. त्याचं पुस्तक छापलं गेलं १८४१ मध्ये, तो मेल्यानंतर, संपादक विल्सनने कात्री लावून. मूळ कागद लंडनला आहेत. बाकीचे साहेब शिकारी आणि सर्वेक्षणवाले, त्यांना चाळलंस तरी पुरे.

या साहेबांच्या सामानामागे चालणाऱ्या माणसाचंही एक पुस्तक आहे. गुलाम रसूल गलवान, लेहचा, गरिबीत वाढलेला, तांड्यांबरोबर फिरता फिरता मोडकंतोडकं इंग्रजी शिकला आणि त्याच इंग्रजीत आपलं आयुष्य लिहून गेला. ते १९२३ साली प्रसिद्ध झालं. गलवान नदीला नाव मिळालं ते त्याच्यावरून, पण २०२० नंतर ज्यांनी ते नाव हजारदा उच्चारलं त्यांच्यातल्या किती जणांनी हे पुस्तक उघडलं असेल? घाटात घोडे कसे मरतात, साहेब रागावला की पगाराचं काय होतं, हे तुला अन्यत्र सहसा सापडणार नाही. लडाखीच माणसाने लडाखी लोकांसाठी लिहिलेला इतिहास हवा तर योसेब गेरगन यांचा आहे. तो १९७६ मध्ये, त्यांच्या मृत्यूनंतर, मुलाने छापला. तो तिबेटी लिपीत आहे.

म्हणून लिपी शीक. तिचं मूळ आपल्या ब्राह्मीतच आहे, क-ख-ग हा क्रम ओळखीचा वाटेल. उच्चार आणि लेखन यांचा मेळ बसत नाही, त्याने पहिले काही आठवडे वैताग येईल.

कनिंगहॅम, मूरक्रॉफ्ट, फ्रांके यांची जुनी पुस्तकं आंतरजालावर फुकट मिळतात. फक्त स्कॅन करणाऱ्यांनी घडीचे नकाशे बऱ्याचदा उलगडलेलेच नसतात, तेव्हा नकाशासाठी छापील प्रत गाठ. लेहला बसणाऱ्या इंग्रज अधिकाऱ्याची व्यापाराबद्दलची टिपणं दिल्लीच्या राष्ट्रीय अभिलेखागारात परराष्ट्र खात्याच्या कागदांत शोध. आणि कारगिलला गेलास तर मुन्शी अझीझ भट यांच्या सराईतला माल ठेवलेलं छोटं संग्रहालय आहे, तिथे निदान अर्धा दिवस काढ.

आधी बस्तीराम आणि त्सेतान. दोघांत कुठे कुठे जमत नाही ते दोन पानांत लिहून पाठव, मग पुढचं बोलू.

तुझा,
काका