शेजारच्या घरात आत्महत्या झाली आहे. त्यांच्याकडे जावे का, आणि काय बोलावे?

शेजारच्या तरुणाने आत्महत्या केल्यावर त्याच्या घरी जायला पाऊल उचलत नाही, आणि एरवी मयताला धावून जाणारी माणसे याच घरापासून अंतर का राखतात, असे तुम्ही विचारले आहे. अकरा वर्षांपूर्वी वर्धा जिल्ह्यातील आमच्या गावी माझा थोरला भाऊ असाच गेला. त्या घरात आत बसून जे पाहिले, त्यावरून लिहितो.

अशा मृत्यूनंतर ‘का केलं असं?’ हा प्रश्न गेलेल्या माणसाला विचारता येत नाही, म्हणून तो घरच्यांना विचारला जातो. पोलिसांनी अकस्मात मृत्यूची नोंद केली, पंचनामा झाला, आणि वहिनीला जबाबात विचारले गेले की आदल्या रात्री भांडण झाले होते का. कायद्याने चौकशी करावीच लागते, त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण तेरवीपर्यंत आलेल्या प्रत्येक पाहुण्याने तोच जबाब पुन्हा घेतला. दादाने आदल्या रात्री भाकरी अर्धी ठेवली होती, एवढे एकच वहिनी सांगू शकत होती, आणि ती ते प्रत्येकाला सांगत राहिली.

त्यानंतर कागद सुरू झाले. शेतकऱ्याच्या आत्महत्येनंतर महाराष्ट्रात शासन वारसांना 1 लाख रुपये देते. त्यातले 30 हजार रोख आणि 70 हजार ठेवीत, अशी विभागणी तेव्हा होती. त्यासाठी कर्ज बँकेचे, सोसायटीचे किंवा परवानाधारक सावकाराचे असावे लागते. दादाचे बहुतेक कर्ज हातउसने होते, ज्याचा कुठेही कागद नव्हता. प्रकरण ‘अपात्र’ ठरले. शब्द प्रकरणाला लावलेला होता, पण वहिनीने तो दादाला लावलेला ऐकला आणि बरेच दिवस ती तेवढेच बोलत होती.

आपल्या समाजाला एकच कारण हवे असते, असे माझे मत आहे. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या 2022 च्या अहवालात देशभरातील 1,70,924 आत्महत्या आहेत, त्यांत सर्वाधिक, 22,746, महाराष्ट्रातल्या. आणि कारणांमध्ये ‘कौटुंबिक समस्या’ या रकान्याचा वाटा सर्वांत मोठा, सुमारे 32 टक्के. या रकान्यामागे कोणती घरे आणि किती गुंतागुंत आहे, हे तक्त्यात मावत नाही. वाचणाऱ्याला मात्र दोषी सापडल्यासारखे वाटते. दादाच्या बाबतीत नापिकी होती, कर्ज होते, वाढलेली दारू होती आणि कित्येक महिने उडालेली झोप होती. ती झोप म्हणजे उपचार करण्याजोगा आजार असू शकतो, हे आमच्यापैकी कोणाच्याही मनात आले नाही. 2017 च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्याने आत्महत्येचा प्रयत्न करणारी व्यक्ती तीव्र तणावाखाली होती असे गृहीत धरले आहे. गावाने मात्र दादाला ‘पळपुटा’ म्हटले. (हा शब्द वापरणाऱ्यांत आमचे सख्खे काकाही होते.)

तेव्हा, जा. कारण विचारू नका, ‘आता देवाच्या मनात होतं’ असेही म्हणू नका. त्या मुलाचे नाव घ्या, त्याची तुम्हाला आठवणारी एखादी गोष्ट सांगा. आमच्याकडे महिनाभर दादाचे नाव कोणी घेतलेच नव्हते. आईवडिलांपैकी कोणी जगण्यात अर्थ उरला नाही असे बोलू लागले, तर ते दुःखाच्या भरातले बोलणे समजून सोडून देऊ नका; त्यांना एकटे ठेवू नका आणि 14416 या टेलिमानस, म्हणजे शासनाच्या मानसिक आरोग्य मदतवाहिनीच्या, क्रमांकावर फोन लावून द्या, तिथे मराठीतही बोलता येते.

आणि तेरवी झाली म्हणून थांबू नका. आमच्याकडची गर्दी पंधराव्या दिवशी संपली. तिसऱ्या महिन्यात शेजारच्या काकू वहिनीबरोबर तहसीलला गेल्या, सातबारा, पासबुक आणि पंचनाम्याची प्रत असलेली पिशवी मांडीवर घेऊन दुपारपर्यंत बाकावर बसल्या. वाटेत त्या कापसाच्या भावाबद्दल बोलल्या. वहिनी आजही त्यांच्याकडेच माहेरासारखी जाते.