अंगठा मीच घेतला होता

ताई, घाटंजीकडच्या तुमच्या संस्थेत पोरांना इंग्रजी शिकवायला पंधरा दिवसांसाठी आठ परदेशी स्वयंसेवक येणार, त्यांना पाठवणारी एजन्सी माणशी पैसे देणार, 'हो म्हणू का?' असं विचारलंय तुम्ही. २०१७ साली आम्ही डोळे झाकून हो म्हटलं होतं.

परदेशी पाहुणे आल्यापासून २४ तासांत सरकारला कळवायचं वगैरे तुम्हाला ठाऊक असेलच. पैशाचं मात्र सीएला विचारा. २०२० च्या दुरुस्तीपासून परदेशी देणगी स्टेट बँकेच्या नवी दिल्ली मुख्य शाखेतल्या खात्यातच घ्यावी लागते. मी वकील नाही, तुमचा पैसा त्यात बसतो का ते तोच सांगेल.

आम्हाला नडला तो एक फोटो. गावातल्या एका बाईच्या शेतकरी नवऱ्याने आत्महत्या केलेली. प्रकरण सरकारी मदतीला 'पात्र' ठरून एक लाख मिळालेले, त्यातले ३० हजार हातात, ७० हजार बँकेत ठेव. आलेल्या एका स्वयंसेवक पोरीने तिचा चुलीपुढे फोटो काढला. इंग्रजी संमतीपत्रावर अंगठा मी घेतला, साक्षीदार म्हणून सहीही माझीच. काय लिहिलंय ते मीही धड वाचलं नव्हतं.

चार महिन्यांनी तो एजन्सीच्या देणगीच्या आवाहनावर झळकला आणि पुण्यातल्या कुणीतरी गावच्या ग्रुपवर टाकला. दीर दारात उभा: "वहिनी, विदेशातून लाखो आले म्हनते, आमाले सांगतलं बी नाही." बाई बचतगटात यायची बंद झाली. तिला एक रुपया मिळाला नव्हता.

फोटो हटवा म्हणून एजन्सीला मेल करत राहिलो. दर वेळी नवीन माणूस, उत्तर तेच: 'संबंधितांकडे पाठवलं आहे.' शेवटी त्यांनी मलाच माझी सही दाखवली!

माझं मत कडू वाटेल, पण पंधरा दिवसांत इंग्रजी कुणाला येत नाही. पोरांना लळा लागतो आणि पाहुणे जातात. गडचिरोलीत डॉक्टर बंग दांपत्याच्या 'सर्च' या आरोग्यसंस्थेने दवाखाना कसा हवा हे आधी आदिवासींना विचारलं, म्हणून तो झोपड्यांचा आणि त्यांच्या दंतेश्वरी देवीच्या नावाचा झाला. तुमच्या गावाने काही मागितलंय का?

तरी घेणारच असाल तर संमतीपत्र मराठीत करा, घरच्यांसमोर वाचून दाखवा, 'सांगितल्यावर आठ दिवसांत फोटो हटवू' हे एजन्सीकडून लिहून घ्या. कां-कूं केली तर नमस्कार करा. आणि जूनमध्ये बोलावू नका. पेरणीत घरी म्हातारे आणि लेकरंच असतात, मग फोटोही त्यांचेच निघतात.