यादवी युद्धातली 'रेजिमेंट' : पलटण, बटालियन की तुकडी?

प्रश्न असा आला आहे : अमेरिकन यादवी युद्धात दक्षिणेच्या बाजूने लढलेल्या नॉर्थ कॅरोलिनाच्या २६व्या पायदळ रेजिमेंटचा इतिहास मराठीत लिहायचा आहे. 'रेजिमेंट'साठी कोणता शब्द घ्यावा? 'पलटण' जुनाट वाटतो, 'तुकडी' अपुरा वाटतो आणि 'दल' फारच मोघम. कंपनी, ब्रिगेड, कॉन्फेडरेट या शब्दांचं काय करावं?

'पलटण' बिनधास्त वापरा. नाव म्हणून पहिल्यांदा 'नॉर्थ कॅरोलिनाची २६वी पायदळ रेजिमेंट' असं पूर्ण लिहा आणि पुढे सगळीकडे 'पलटण' म्हणा. कारण आकाराचं आहे. १८६१ साली पायदळाच्या रेजिमेंटमध्ये दहा कंपन्या असत आणि एका कंपनीत कागदोपत्री शंभराच्या आसपास माणसं. म्हणजे भरती पूर्ण असेल तर हजारभर सैनिक, वर एक कर्नल, एक लेफ्टनंट कर्नल आणि एक मेजर. ही सगळी माणसं एकाच छावणीत राहत, एकाच निशाणाखाली, एका हुकमावर एका रांगेत उभी राहत. त्या काळच्या कवायतीच्या पुस्तकांत तर रेजिमेंट मैदानात उतरली की तिला 'बटालियन' असंच म्हटलेलं असतं. आपल्याकडे 'पलटण' हा शब्द याच आकाराच्या पायदळासाठी रुळला. तो 'बटालियन'वरून आला आणि येताना त्यात 'प्लाटून'चा उच्चार मिसळला, असं मानतात.

आजच्या मराठी वाचकाच्या डोक्यात 'रेजिमेंट' म्हटलं की मराठा लाइट इन्फंट्री किंवा महार रेजिमेंट उभी राहते. भारतीय रेजिमेंट म्हणजे अनेक बटालियनांचं कायमचं घराणं. त्या बटालियना वेगवेगळ्या सीमांवर असतात आणि सगळी रेजिमेंट एका रणांगणावर कधीच लढत नाही. मराठा लाइट इन्फंट्रीची पहिली बटालियन स्वतःला 'जंगी पलटण' म्हणवते, दुसरी 'काळी पाचवी'. म्हणजे सैन्यातल्या बोलीतही पलटण म्हणजे बटालियनच. नुसतं 'रेजिमेंट' लिहीत गेलात तर वाचक दहा-पंधरा हजार माणसांचं चित्र रंगवेल आणि पुढे 'गेटिसबर्गला रेजिमेंटचे सुमारे आठशे सैनिक उतरले' हे वाक्य आलं की गोंधळेल. वास्तविक १८६३च्या उन्हाळ्यात आठशे म्हणजे भरभक्कम पलटण होती. आजार, जखमा आणि पळून जाणं यांमुळे तोवर बहुतेक रेजिमेंटी तीन-चारशेवर आल्या होत्या.

मग सरळ 'बटालियन'च का लिहू नये? कारण दक्षिणेच्या सैन्यात 'बटालियन' नावाची वेगळी पथकंही होती. दहा कंपन्या जमल्या नाहीत, पाच-सहाच झाल्या, तर त्या पथकाला रेजिमेंटऐवजी बटालियन म्हणत. त्यातच 'लीजन' हा तिसरा प्रकार होता : साउथ कॅरोलिनातल्या वेड हॅम्प्टनच्या लीजनमध्ये सुरुवातीला पायदळ, घोडदळ आणि तोफखाना एकत्र होते. 'लीजन' हे नावाचा भाग म्हणून तसंच ठेवावं. त्याचं 'सेना' केलंत तर आकार पुन्हा फुगतो.

'पलटण' वापरताना एक धोका मात्र खरा आहे. इंग्रजीची सवय असलेला तरुण वाचक 'पलटण' ऐकून 'प्लाटून' समजतो. यादवी युद्धात प्लाटून म्हणजे अर्धी कंपनी. त्यामुळे पहिल्याच उल्लेखात 'दहा कंपन्यांची पलटण' असं लिहून टाका आणि प्लाटूनला 'अर्धी कंपनी' म्हणा. 'पोरांची पलटण आली' या घरगुती वापराची भीती बाळगू नका. मागेपुढे कर्नल आणि बंदुका असल्या की तो अर्थ कुणाच्या मनात येत नाही. 'तुकडी' हा शब्द वाया घालवू नका, तो टेहळणीला किंवा पहाऱ्यावर पाठवलेल्या मोजक्या माणसांसाठी लागणारच आहे.

कंपनीला 'कंपनी'च. अक्षरांचं भाषांतर मात्र करू नका. कंपन्या ए पासून के पर्यंत असत आणि जे गाळलेलं असे, कारण हस्ताक्षरात आय आणि जे सारखेच दिसत, असं सांगितलं जातं. 'अ, ब, क' केलंत तर 'के कंपनी' अकरावी ठरेल, प्रत्यक्षात ती दहावी. शिवाय प्रत्येक कंपनी एका परगण्यातून उभी राहिलेली असे आणि तिला स्वतःचं नाव असे : कॉल्डवेल काउंटीची एफ कंपनी म्हणजे 'हिब्रिटेन गार्ड्‌स'. या 'गार्ड्‌स'चं 'गारदी' करण्याचा मोह होईल, कारण व्युत्पत्ती तीच आहे. पण ३० ऑगस्ट १७७३ला शनिवारवाड्यात नारायणरावाचा खून झाल्यापासून मराठीत गारदी म्हणजे मारेकरी. नाव आहे तसं राहू द्या.

ब्रिगेडसाठी आपल्याकडे एक अस्सल शब्द होता, 'कंपू'. महादजी शिंद्यांच्या पदरी द बॉयन या युरोपीय अधिकाऱ्याने उभे केलेले कवायती कंपू म्हणजे अनेक पलटणी आणि त्यांच्यासोबतच्या तोफा. दुर्दैवाने आज 'कंपू' म्हणजे टोळकं, त्यामुळे 'ब्रिगेड'च लिहावं लागतं. फक्त दक्षिणेत ब्रिगेड सेनापतीच्या नावाने ओळखली जाई, हे लक्षात ठेवा. आपली २६वी गेटिसबर्गला पेटिग्रूच्या ब्रिगेडमध्ये होती, सोबत नॉर्थ कॅरोलिनाच्याच ११व्या, ४७व्या आणि ५२व्या पलटणी. 'पेटिग्रूची ब्रिगेड' हे तिचं नाव आहे, तिच्यावर पेटिग्रूची मालकी होती असा त्याचा अर्थ नाही.

हवालदार, जुमलेदार, हजारी ही शिवकालीन पदं इथे आणू नयेत. त्या उतरंडीत नायकाकडे दहा माणसं, हवालदाराकडे पन्नास, असा हिशोब होता. तो कॅप्टन-सार्जंटच्या मापात बसत नाही. शिवाय दक्षिणेतल्या पलटणी आपले अधिकारी मतदानाने निवडत, ही गोष्ट जुन्या पदनामांखाली दडून जाते. एप्रिल १८६२मध्ये सक्तीच्या भरतीचा कायदा आला आणि बारा महिन्यांच्या बोलीवर आलेल्यांची मुदत तीन वर्षांची झाली, तेव्हा पलटणींना नव्याने निवडणुका घेण्याची मुभा मिळाली. २६वीचा पहिला कर्नल झेब्युलन व्हॅन्स त्याच वर्षी राज्याचा गव्हर्नर म्हणून निवडून गेला आणि त्याच्या जागी हेन्री बर्ग्विन आला.

राज्याचं नाव 'उत्तर कॅरोलिना' असं कधीही करू नका. या युद्धात 'उत्तर' आणि 'दक्षिण' या दोन बाजू आहेत आणि नॉर्थ कॅरोलिना दक्षिणेच्या बाजूला होतं. 'उत्तर कॅरोलिनाचे सैनिक उत्तरेच्या सैन्यावर चालून गेले' हे वाक्य कुणाला कळणार? राज्य गाळून नुसतं '२६वी पलटण' हेही चालणार नाही. क्रमांक प्रत्येक राज्य आपापला देई, त्यामुळे व्हर्जिनियाची २६वी वेगळी, मिसिसिपीची वेगळी.

'कॉन्फेडरेट' तसाच ठेवावा. 'संघीय', 'राज्यसंघ', 'संघराज्य' हे शब्द मराठीत एकमेकांच्या इतके जवळ आहेत की 'फेडरल' म्हणजे उत्तर आणि 'कॉन्फेडरेट' म्हणजे दक्षिण हा फरक त्यांत टिकत नाही. 'संघीय सैन्य' लिहिलंत की दोन्ही बाजू तीच ठरतात. उत्तरेसाठी 'युनियन' किंवा 'केंद्राचं सैन्य', दक्षिणेसाठी 'कॉन्फेडरेट'. आणि 'सिव्हिल वॉर'ला 'गृहयुद्ध' कशाला? आपापसांत लढून संपलेल्या यादवांवरून आलेला 'यादवी' हा शब्द मराठीने आधीच दिला आहे.

आता सर्वांत जास्त चुका होतात ती जागा. इंग्रजीत नुकसानीसाठी 'कॅज्युअल्टीज' हा जो एक शब्द येतो त्यात ठार, जखमी आणि पुष्कळदा बेपत्ता व कैदी हे सगळे धरलेले असतात. त्याचं 'मृत' केलं की इतिहासच खोटा होतो. गेटिसबर्गच्या लढाईत २६वीचे ८६ ठार आणि ५०२ जखमी, मिळून ५८८ अशी नोंद आहे. बेपत्ता वेगळे. जखमींपैकी अनेक नंतर दगावले, पण म्हणून '५८८ ठार' होत नाही. 'हताहत' म्हणजे ठार अधिक जखमी, तो शब्द इथे नेमका बसतो. बेपत्ता धरायचे असतील तर ते वेगळे सांगा.

दुसरी चूक 'कलर्स'ची. ते रंग नव्हेत, पलटणीचं निशाण आहे. १ जुलै १८६३ला विलोबी रन ओढा ओलांडून मिशिगनच्या २४व्या पलटणीवर चालून जाताना २६वीचे निशाणदार एकामागून एक पडले. शेवटी २१ वर्षांच्या कर्नल बर्ग्विनने निशाण घेतलं, तो मारला गेला. त्याच्यानंतर लेफ्टनंट कर्नल जॉन लेनने ते उचललं, तो गंभीर जखमी झाला पण वाचला. 'निशाणदार' किंवा 'निशाणबरदार' दोन्ही चालतील. 'जरीपटका' नको, ते मराठ्यांचं निशाण.

बर्ग्विनसाठी 'शहीद', 'हुतात्मा', 'वीरमरण' हे शब्द आपोआप लेखणीत येतील. ते गाळा, 'मारला गेला' पुरे. तो ज्या घरातला, त्या घराची शेती गुलामांच्या कष्टावर चालत होती आणि ज्या राज्यसत्तेसाठी लढला तिच्या घटनेत गुलामगिरीला संरक्षण होतं. माजी सैनिकांनी पुढे लिहिलेल्या पलटणींच्या इतिहासांत 'आमचं ध्येय', 'आमचं स्वातंत्र्य' असे शब्द सतत येतात. त्यांना 'स्वातंत्र्यसैनिक' केलंत तर मराठी वाचकाची फसवणूक होते. 'दास्यप्रथा' असा मऊ शब्दही नको. जोतीराव फुल्यांनी १८७३ साली आपलं 'गुलामगिरी' हे पुस्तक अमेरिकेत गुलामांच्या मुक्तीसाठी झटलेल्या लोकांना अर्पण केलं. या युद्धाच्या विषयाला मराठीत तो शब्द तेव्हापासून जोडलेला आहे.

उरले दोन किरकोळ शब्द. 'मस्टर्ड इन' म्हणजे रीतसर सेवेत दाखल होणं, 'मस्टरवर नाव चढलं' हे त्याचं चपखल मराठी, कारण मस्टर आपल्या कचेऱ्यांत अजून आहेच. आणि एप्रिल १८६५मध्ये व्हर्जिनियातल्या ॲपोमॅटॉक्सला शरण आलेल्या कॉन्फेडरेट सैनिकांना 'पॅरोल' मिळाला, तो तुरुंगातून मिळणाऱ्या रजेसारखा नव्हे. पुन्हा शस्त्र धरणार नाही असं लेखी वचन देऊन प्रत्येकजण घरी जाऊ शकत होता, म्हणून 'वचनावर सुटका' असं लिहावं.