लिंबाच्या टार्टचं कस्टर्ड घरी केलं की फुटतं, वर भेगा पडतात आणि खालचं कवच ओलं राहतं. गावठी लिंबं वापरल्यामुळे असं होतं का?

नाही. लिंबाचा यात काडीचा दोष नाही. टार्ट ओव्हनमध्ये जास्त वेळ राहतोय, म्हणून कस्टर्ड फुटतंय. तुमच्या प्रश्नातलं ‘गावठी लिंबं’ वाचलं आणि राहवलं नाही, कारण हेच वाक्य मी आमच्या घरात आठ वर्षं ऐकतेय.

आमचं घर मालवणजवळ. मे महिन्यात मुंबईचे सगळे येतात, वीसेक माणसं जेवायला असतात. त्या वर्षी पुतण्याचा वाढदिवस होता आणि केकऐवजी मी टार्ट करायचं ठरवलं. पहाटे पाचला उठून पीठ मळलं. मेमध्ये नऊ वाजल्यानंतर आमच्या स्वयंपाकघरात ते जमतच नाही. बटर 32 ते 35 अंशांना वितळतं आणि खोलीच तेवढी तापलेली असते. कवच भाजताना वर बटर पेपर आणि वजनाला वाल. (ते वाल आजही वेगळ्या डब्यात आहेत, उसळीत घालत नाही.) परसातल्या झाडाची कागदी लिंबं, नऊ लागली, त्यांचा 110 मिली रस निघाला. 4 अख्खी अंडी, 2 बलक, 180 ग्रॅम साखर, 200 मिली क्रीम. नऊ इंची साच्याला हे पुरतं. फेटताना फेस येऊ दिला नाही, तरी आला तेवढा चमच्याने काढला आणि 150 अंशांवर ठेवून दिला. 27 मिनिटांनी कड घट्ट झाली होती आणि मधला वाटीएवढा भाग साचा हलवला की थरथरत होता. म्हणजे टार्ट झाला. तो ओट्यावर काढून ठेवला आणि मी वाळत घातलेले कपडे आणायला मागीलदारी गेले.

परत येते तर टार्ट पुन्हा ओव्हनमध्ये! सासूबाईंनी बघितलं होतं, “अगो, ह्या हलता, कच्चा रवला.” त्यांचं मी मनावर घेतलं नाही, त्यांनी आयुष्यात टार्ट पाहिला नव्हता. पण धाकट्या जावेने मुंबईत बेकिंगचा कोर्स केला होता. ती म्हणाली, “वहिनी, मी अजून वीस मिनिटं लावलीयत, तुम्ही काळजी करू नका.” बाहेर आला तेव्हा मधोमध भेग, कडेला पाणी, आणि तोंडात घातला तर भुर्जीसारखा रवाळ. वर तीच सगळ्यांसमोर म्हणाली, “गावठी लिंबाचं हे असंच होतं वहिनी, याला इम्पोर्टेड लेमनच लागतं.” सगळ्यांनी माना डोलावल्या. वाढदिवस होता, म्हणून मी गप्प बसले.

आता खरं काय ते लिहिते. कस्टर्ड आळतं ते अंड्यातल्या प्रथिनांमुळे. तापल्यावर ती उलगडतात, एकमेकांत अडकतात आणि त्या जाळीत रस-साखर धरून ठेवतात. मधोमध 70 अंशांच्या आसपास गेलं की पुरे. त्यापुढे तापत राहिलं की जाळी आवळत जाते आणि धरलेलं पाणी पिळून बाहेर टाकते. कडेचं पाणी आणि रवाळपणा त्यातूनच येतो. भेगही त्या आवळण्याचीच. बाहेर काढल्यावरसुद्धा आतली उष्णता काम करत असते, म्हणून मध्ये हलत असतानाच काढायचा. गार होताना तो आपोआप बसतो. निदान दोन तास त्याला सुरी लावू नका.

आणि ते ‘इम्पोर्टेड’चं म्हणाल, तर अमेरिकेत फ्लोरिडाच्या बेटांवर टार्टसारख्याच ज्या ‘की लाइम पाय’चं एवढं कौतुक असतं, त्यातलं ‘की लाइम’ म्हणजे जातीने आपलं कागदी लिंबूच. ते लोक बलक आणि कंडेन्स्ड मिल्क घालतात. आपलं लिंबू पिवळ्या लेमनपेक्षा सहसा जास्त आंबट असतं, म्हणून लेमनच्या कृतीतला रस थोडा कमी करायचा. फरक एवढाच. वासासाठी मी इडलिंबाची साल किसून घालते. ज्याचं लोणचं घालतो तेच, बाजारात येतं तेव्हा एक जास्तीचं घ्या. फक्त वरचा रंगीत थर किसायचा, खालचं पांढरं आलं की कडू झालं. बाटलीतला रस मात्र आणू नका, त्याला वासच नसतो.

पुढच्या वर्षी मी एकाच झाडाच्या लिंबांचं एकच मिश्रण दोन साच्यांत ओतलं. एक 27 मिनिटांनी काढला, दुसरा 45 मिनिटं ठेवला. पहिला मऊसूत, दुसरा फुटलेला. भावजींनी दोन्ही खाल्ले आणि कबूल केलं. जाऊ मात्र त्या वर्षी आली नव्हती, आणि फोनवर हे पटत नाही. तुम्ही पण एकदा असं करून बघा, म्हणजे लिंबाला कोणी नाव ठेवणार नाही. आणि टार्ट काढलात की ओव्हन बंद करून त्याच्याजवळ उभे राहा. घरात चार माणसं असतील तर कोणी ना कोणी तो परत आत ढकलतंच.

कवच ओलं राहतं त्याचं थोडक्यात: रिकामं कवच नीट तांबूस होईपर्यंत भाजा, वजन काढल्यावर परत आठ-दहा मिनिटं. आतून फेटलेल्या अंड्याचा हात फिरवून दोन मिनिटं आत ठेवा, मग मिश्रण ओता. आपल्याकडच्या दमट हवेत तरी ते संध्याकाळपर्यंत मऊ पडतंच, पावसाळ्यात तर तासाभरात. म्हणून केला त्याच दिवशी संपवायचा.

राहिलेल्या दोन गोष्टी. माझी मिनिटं माझ्या ओव्हनची आहेत. लहान ओटीजीत (ओट्यावरच्या विजेच्या ओव्हनमध्ये) वरची कॉइल अगदी जवळ असते, तिथे 140 वर ठेवा आणि फक्त खालची कॉइल लावा. आतलं खरं तापमान बघायला आत ठेवायचा थर्मामीटर घ्या, बटणावरच्या आकड्यावर जाऊ नका. आणि रस ॲल्युमिनियमच्या पातेल्यात ठेवू नका, धातूची चव उतरते.