काहीच नेलं नाही, मग गुन्हा कसला?

एका वाचकांचा मेल आलाय, त्यांना विचारूनच इथे उत्तर देतेय, ओळख पटेल असे तपशील बदललेत. गोष्ट अशी की ते एका छोट्या फर्ममध्ये चार वर्षं अकाउंटंट होते, ऑगस्टमध्ये नोकरी सोडली, फर्मने दोन महिन्यांचा पगार अडकवला आणि जॉईन होताना जमा करून घेतलेली डिग्रीची ओरिजिनल सर्टिफिकेटं पण परत दिली नाहीत. मेल केले, फोन केले, उत्तर नाही. मग गेल्या नोव्हेंबरमधल्या एका रविवारी संध्याकाळी साडेसातला ते स्वतःकडे राहिलेली जुनी किल्ली घेऊन बंद ऑफिसात गेले, कपाट उघडलं, सर्टिफिकेटं तिथे नव्हतीच. खालच्या खणात कॅशबॉक्स होता. मनात आलं की पगाराचे पैसे यातूनच घ्यावेत, झाकण ओढून पाहिलं, लॉक होतं, "मग माझी मलाच लाज वाटली आणि रिकाम्या हाताने परत आलो". सगळं सीसीटीव्हीत आलंय, मालकांनी तक्रार दिलीय, पोलीस स्टेशनमधून फोन आलाय. आणि निघायच्या आधी त्यांनी एका मित्राला मेसेज टाकला होता, "आज माझा हिशोब मीच पूर्ण करून येतो".

त्यांचा प्रश्न: मी एक कागदही उचलला नाही, मग चोरी कशी, आणि चोरी नाही तर गुन्हा कसला?

दादा, पहिली गोष्ट. "काही नेलं नाही" हा तुमचा बचाव नाहीये. मला माहितीय तुम्ही याच एका वाक्याच्या आधारावर झोपताय सध्या, आणि ते काढून घेताना मला वाईट वाटतंय, पण पोलीस स्टेशनमध्ये जाऊन हेच वाक्य बोललात तर नुकसान तुमचंच होईल म्हणून आत्ताच सांगते. तुमचा खरा बचाव वेगळा आहे आणि तो बऱ्यापैकी चांगला आहे, त्यावर येतेच.

घटना १ जुलै २०२४ नंतरची आहे त्यामुळे तुम्हाला भारतीय न्याय संहिता लागू, जुनी आयपीसी (भारतीय दंड संहिता) नाही. तिच्यात कलम ६२ आहे, आधीचं ५११. ज्या गुन्ह्याला जन्मठेप किंवा कैदेची शिक्षा आहे तो करायचा प्रयत्न केला आणि त्या प्रयत्नात गुन्ह्याच्या दिशेने काहीतरी कृती केली, तर मूळ गुन्ह्याच्या जास्तीत जास्त कैदेच्या निम्मी शिक्षा, किंवा त्या गुन्ह्याचा दंड, किंवा दोन्ही. खून, जबरी चोरी अशा काही गुन्ह्यांच्या प्रयत्नाला स्वतंत्र तरतूद आहे, बाकी सगळं ६२ मध्ये येतं. आणि या कलमाखाली कायद्यानेच जी दोन उदाहरणं दिलीत ती वाचून तुम्हाला धक्का बसेल. एक माणूस दागिने चोरायला पेटी फोडतो, आत दागिनाच नसतो. दुसरा एकाच्या खिशात हात घालतो, खिसा रिकामा असतो. दोघेही दोषी! १८६० पासून हीच उदाहरणं आहेत. म्हणजे कपाटात सर्टिफिकेटं नव्हती किंवा कॅशबॉक्सला लॉक होतं हा योगायोग आहे, कायदा त्याचं क्रेडिट तुम्हाला देत नाही.

आता प्रयत्न म्हणजे नक्की काय याची व्याख्या संहितेत कुठेच नाही, ती कोर्टांनी केस बाय केस घडवलीय. आधी मनात विचार, मग तयारी, मग प्रयत्न, मग गुन्हा पूर्ण असे टप्पे धरतात. नुसत्या विचाराला शिक्षा नाही, तयारीलाही सहसा नाही (दरोड्याची तयारी, देशाविरुद्ध युद्धाची तयारी असे मोजके अपवाद सोडून). खरी मारामारी असते ती तयारी कुठे संपली आणि प्रयत्न कुठे सुरू झाला यावर. पंजाबातून विनापरवाना भात बाहेर न्यायला बंदी होती तेव्हा भाताची पोती भरलेला एक ट्रक दिल्लीकडे जाताना समालखाच्या नाक्यावर पकडला, हद्द अजून काही मैल पुढे होती. सुप्रीम कोर्टाने सोडून दिलं, म्हणाले ही तयारीच, ड्रायव्हरला अजूनही वाटलं असतं तर तो तिथून मागे फिरू शकला असता. ही मलकियत सिंगची केस. आणि १९८० च्या मोहम्मद याकूबच्या केसमध्ये चांदी लपवून नेणारी गाडी वसईजवळ खाडीच्या काठाला आली, चांदी उतरवायला सुरुवात झाली तेव्हा पकडली, चांदी अजून होडीतसुद्धा चढली नव्हती, तरी सुप्रीम कोर्ट म्हणालं हा प्रयत्न झाला. शेवटची कृतीच व्हायला पाहिजे असं नाही, हेतू स्पष्ट दिसेल इतकी गुन्ह्याच्या जवळची कृती पुरते.

तुमच्या बाबतीत किल्ली खिशात घालून निघालात ही तयारी. दारापर्यंत जाऊन परत फिरला असतात तर आज हा मेल लिहायची वेळच आली नसती. पण कॅशबॉक्सचं झाकण ओढलं तिथे पैसे घ्यायच्या हेतूने केलेली कृती झाली, आणि प्रयत्न एकदा झाला की नंतर मन बदललं म्हणून तो पुसला जात नाही. त्या पश्चात्तापाचा उपयोग शिक्षा ठरवताना होऊ शकतो, गुन्हा झालाच नाही हे म्हणायला नाही. तुम्हाला लाज वाटली हे मला मनापासून खरं वाटतं, पण ती लॉक लागलेलं दिसल्यावर वाटली, आधी नाही, आणि सरकारी वकील नेमकं इथेच बोट ठेवतील. एक गोष्ट मात्र फुटेजमध्ये नीट बघावी लागेल, तुम्ही तो बॉक्स जागचा हलवला का. कारण चोरी पूर्ण व्हायला वस्तू घरी न्यावी लागत नाही, लबाडीच्या हेतूने ती जागेवरून हलवली की चोरी झाली, परत ठेवली तरी. कायद्यातलं उदाहरण बैलाचं आहे, बैलाच्या पाठीवर मौल्यवान माल आहे आणि तो लंपास करायला कोणी त्या बैलाला हाकलतो, बैलाने पाऊल उचललं त्या क्षणी मालाची चोरी झाली. झाकण ओढणं वेगळं आणि बॉक्स उचलून टेबलावर घेणं वेगळं, तुमचं मेलमध्ये स्पष्ट होत नाहीये.

पण खरं सांगू का, मला प्रयत्नाच्या कलमाची तितकी भीती नाही. माल ठेवायच्या इमारतीतली चोरी, कलम ३०५, सात वर्षांपर्यंत शिक्षा, प्रयत्नाला निम्मी म्हणजे साडेतीन. काळजी दुसऱ्याच गोष्टीची आहे जी तुम्ही मेलमध्ये अगदी सहज लिहून गेलात, किल्ली आणि साडेसातची वेळ. ऑफिस ही मालमत्ता ठेवायची इमारत, तिच्यात गुन्हा करायला शिरणं म्हणजे गृह अतिक्रमण. कुलूप उघडून शिरलात तर ती घरफोडी, मग किल्लीने उघडलं तरी (कायद्यातच उदाहरण आहे, दुसऱ्याच्या घराची हरवलेली किल्ली सापडली आणि तिने दार उघडून आत शिरला, ही घरफोडी). सूर्यास्तानंतर झाली तर आणखी गंभीर, आणि नोव्हेंबरात साडेसात म्हणजे सूर्य बुडून केव्हाच गेला. कलम ३३१ पोटकलम ४, कैदेची शिक्षा असलेला गुन्हा करायला रात्रीची घरफोडी, पाच वर्षांपर्यंत, आणि तो गुन्हा चोरी असेल तर चौदा. आणि हा काही प्रयत्न नाही हं, हा पूर्ण झालेला गुन्हा आहे, आत पाय टाकला तिथेच पूर्ण, आत काही मिळो न मिळो.

आता तुमचा बचाव. हे सगळं एका प्रश्नावर उभं आहे, आत शिरताना तुमच्या मनात काय होतं. चोरी म्हणजे लबाडीने घेणं, म्हणजे कुणाचा गैर फायदा किंवा कुणाचं गैर नुकसान करायच्या हेतूने. आपलीच वस्तू असली तरी चोरी होऊ शकते बरं का, चोरीत मालकी नाही, ताबा बघतात. पण याबद्दल कायद्यात घड्याळाची उदाहरणं आहेत ती तुमच्यासाठी सोन्यासारखी आहेत. दुरुस्तीला दिलेलं माझं घड्याळ घड्याळजीकडे आहे, त्याचे पैसे मी देणं लागते म्हणून त्याने ते हक्काने अडवून ठेवलंय आणि मी ते उचललं तर ती चोरी. पण मी त्याचं काही देणं लागत नसेन, त्याला अडवायचा हक्कच नसेल आणि मी उघड उघड जाऊन ते जबरदस्तीने घेतलं, तर दुसरे गुन्हे होतील पण चोरी नाही, कारण त्यात लबाडी नाही. तुम्ही फर्मचं काही देणं लागत नव्हता, उलट फर्मच तुमचं देणं लागत होती. आणि डिग्री सर्टिफिकेट काही तारण ठेवायची वस्तू नाही. २००० साली सुप्रीम कोर्टाने आम्हा वकिलांनाच सांगितलं की फी थकली म्हणून अशिलाची फाईल अडवून ठेवता येत नाही, तिथे फर्मने तुमच्या डिग्र्या कुठल्या हक्काने अडवल्या हा मुद्दा जोरात मांडता येईल. तुम्ही उघड उघड न जाता बंद ऑफिसात गेलात हा मात्र कच्चा दुवा आहे, तो लपवून उपयोग नाही.

म्हणजे आत जाताना हेतू फक्त सर्टिफिकेटांचा होता हे दिसलं तर चोरीसाठी घरफोडी हा भाग ढासळतो. मग सरकारी वकील म्हणतील की निदान मालकांना त्रास द्यायला शिरला, कारण अतिक्रमणाच्या व्याख्येत त्रास द्यायचा हेतूही चालतो. त्यावर १९६४ च्या मथरीच्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने म्हटलंय की समोरच्याला त्रास होईल हे माहीत असणं पुरेसं नाही, आत शिरण्याचा उद्देशच तो असायला हवा. पैशाचा विचार तुमच्या मनात कॅशबॉक्स दिसल्यावर आला, आत शिरताना नव्हता. हा फरक चौदा वर्षांचं कलम आणि साडेतीन वर्षांचं कलम यातला फरक आहे, आणि म्हणूनच तो "हिशोब पूर्ण करून येतो" मेसेज मला टोचतोय, कारण हिशोब म्हणजे पैसे असं कोणीही वाचेल. सर्टिफिकेटं परत द्या म्हणून तुम्ही पाठवलेले मेल त्याला उत्तर आहेत, ते जितके जुने आणि जितके जास्त तितकं बरं. पगार थकला होता म्हणून कॅशबॉक्समधून घेणं माझा हक्कच होता, हे मात्र चुकूनही म्हणू नका. थकलेल्या पैशासाठी नोटीस, लेबर ऑफिस, कोर्ट आहे, दुसऱ्याच्या गल्ल्यात हात घालायचा हक्क नाही.

तो मेसेज डिलीट करू नका. मित्रालाही करायला सांगू नका. त्याच्या फोनवरून निघेलच आणि वर पुरावा नष्ट केल्याचं वेगळं कलम लागेल.

पोलीस स्टेशनला जाण्याआधी वकील करा आणि सेशन्स कोर्टात अटकपूर्व जामिनाचा अर्ज टाका, भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं (तपास, अटक, जामीन यांचे नियम असलेला कायदा) कलम ४८२. ओळखीचे लोक सांगतील की नोटीस देतात, अटक करत नाहीत. सात वर्षांपर्यंतच्या गुन्ह्यांसाठी ते बऱ्याच अंशी खरं आहे, सुप्रीम कोर्टाच्या अर्नेश कुमार केसमधल्या २०१४ च्या निकालापासून तशी बंधनं आहेत, पण एफआयआरमध्ये ३३१(४) चोरीसकट लावलं असेल तर ते संरक्षण तसंच्या तसं मिळेल असं धरून चालू नका. आधी एफआयआरची कॉपी काढा, कुठली कलमं लावलीत त्यावर पुढचं सगळं ठरेल.

चौकशीला बोलावलं की हजर राहा, टाळाटाळ नको. पण स्वतःविरुद्ध जाईल असं उत्तर द्यायची सक्ती तुमच्यावर नाही, घटनेच्या कलम २०(३) चा तो हक्क आहे. मी तुम्हाला खोटं बोला असं कधीच सांगणार नाही, कॅशबॉक्सला हात लावलाच नाही असं म्हणालात आणि फुटेज चाललं की सर्टिफिकेटांबद्दलचं तुमचं खरं बोलणंही कोणी मानणार नाही. गप्प राहणं आणि खोटं बोलणं यात फार अंतर आहे. आणि मालकांना माफीचं पत्र लिहायचं मेलमध्ये म्हणालात, ते प्लीज नको. पोलिसांपुढे दिलेली कबुली तुमच्याविरुद्ध वापरता येत नाही पण मालकांना लिहून दिलेली वापरता येते. माफी मागायची इच्छा चांगलीच आहे, ती वकिलामार्फत तडजोडीच्या बोलण्यात मागा. साधी चोरी मालकाच्या संमतीने मिटवता येते आणि तिचा प्रयत्नही, पण रात्रीची घरफोडी तशी मिटत नाही, तिथे दोघांनी मिळून हायकोर्टात नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५२८ खाली एफआयआर रद्द करून मागावी लागेल. छोटी फर्म, नुकसान काही नाही, त्यांनीही तुमचा पगार आणि कागद अडवलेले, मला वाटतं मालकही बोलायला तयार होतील, फक्त तुम्ही स्वतः फोन करू नका.

हे सगळं तुम्ही मला जितक्या मोकळेपणाने लिहिलंत तितक्या मोकळेपणाने यापुढे फक्त तुमच्या वकिलाला सांगा, मित्राला नाही, ऑफिसातल्या जुन्या सहकाऱ्याला तर अजिबात नाही.

आणि ती किल्ली अजून तुमच्याकडेच असेल. फेकू नका, ऑफिसात नेऊनही देऊ नका, वकिलाला दाखवा आणि तपास अधिकाऱ्याने मागितली की पंचनामा करूनच द्या, पंचनाम्याची कॉपी मागून घ्या.