पीएस५वरचे डिजिटल गेम मित्राबरोबर वाटून घेताना

तू पुण्यात, मित्र नाशिकला, दोघांकडे पीएस५ (सोनीचं प्लेस्टेशन ५ हे गेम खेळायचं मशीन, म्हणजे कन्सोल), आणि तुझ्या घरी धाकटा भाऊ त्याच मशीनवर स्वतःच्या वेगळ्या अकाउंटवरून खेळतो. तुझे प्रश्न असे: एकाने घेतलेला डिजिटल गेम दुसऱ्याला खेळता येईल का, दोघांना एकाच वेळी खेळता येईल का, पासवर्ड द्यावा लागेल का, आणि अकाउंटला काही धोका आहे का.

येईल, एकाच वेळीही येईल, पासवर्ड द्यायचा नाही, आणि धोका थोडा आहे. पण तुझ्या प्रश्नात भावाचा उल्लेख तू जाता जाता केला आहेस आणि खरी मेख तिथेच आहे, म्हणून जरा लांबण लावतो. मी आणि माझा एक शाळूसोबती २०१४ पासून, म्हणजे पीएस४ भारतात आला त्या वर्षापासून, हे करत आलोय. त्यात एकदा चांगलाच फटकाही खाल्लाय, तोही सांगतो.

आधी हे चालतं कसं ते समजून घे, नाहीतर पुढचं सगळं पाठांतर होईल. तू स्टोअरवरून गेम घेतलास की तो खेळायची परवानगी दोन वाटांनी मिळते. पहिली वाट तुझ्या अकाउंटची. तू जगातल्या कुठल्याही पीएस५वर स्वतःच्या अकाउंटने लॉगिन हो, नेट चालू असलं की तुझे गेम तुला खेळता येतात. दुसरी वाट मशीनची. तुझ्या अकाउंटसाठी एक पीएस५ 'घरचा' म्हणून नोंदवता येतो. त्या मशीनवर ज्याचं कुणाचं अकाउंट असेल त्या प्रत्येकाला तुझे गेम खेळता येतात, आणि नेट नसलं तरी चालतं. पीएस४वर याला प्रायमरी म्हणायचे, पीएस५वर त्याचं नाव 'कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले' आहे. रेशनकार्डासारखं समज. नाव एका वेळी एकाच घराच्या कार्डावर.

आता युक्ती अशी की तू तुझं 'घर' मित्राच्या मशीनवर नोंदवतोस आणि तो त्याचं 'घर' तुझ्या मशीनवर. तुझ्या मशीनवर तू स्वतःचे गेम पहिल्या वाटेने खेळतोस आणि त्याचे दुसऱ्या वाटेने. तिकडे त्याचंही तसंच. त्यामुळे एक गेम एकदाच विकत घेऊन तो दोघांना, एकाच वेळी, आपापल्या अकाउंटवरून खेळता येतो. सेव्ह, म्हणजे खेळ कुठवर आला त्याची नोंद, आपापले, ट्रॉफी आपापल्या. सोनीचे स्वतःचे मोठे पीएस५ गेम आपल्याकडे ४,९९९ रुपयांना आलेत, त्यामुळे वर्षाला दोघांनी मिळून चार घेतले तरी किती फरक पडतो ते तूच बघ.

पण या अदलाबदलीत तू तुझ्या घरातून काय बाहेर देतोयस ते लक्षात आलं का? तुझी मशीनची वाट नाशिकला गेली, म्हणजे तुझ्या स्वतःच्या पीएस५वर तुझे गेम आता फक्त तुलाच चालणार. भावाने त्याच्या अकाउंटवरून तुझा गेम उघडला की कुलूप दिसेल. गंमत म्हणजे मित्राचे गेम त्याला चालतील, कारण मित्राचं 'घर' आता तुमच्याकडे आहे. तुझे मात्र नाहीत. यावर घरोघरी जो तोडगा निघतो तो म्हणजे भाऊ तुझ्या युझरवर बसून खेळतो, आणि मग तुझ्या चाळीस तासांच्या सेव्हवर त्याचा सेव्ह चढतो. असं झालेलं मी पाहिलं आहे. त्यातून होणारी भांडणं गेमच्या किमतीपेक्षा महाग पडतात.

दुसरी गोष्ट नेटची. अदलाबदल केल्यावर तुझे स्वतःचे गेम उघडायला दर वेळी नेट लागणार. लाइट गेली, इन्व्हर्टरवर टीव्ही आणि कन्सोल चालतोय पण राउटर बंद, की कुलूप. यावर उपाय सोपा आहे: मोबाइलचा हॉटस्पॉट लाव. परवानगी तपासायला डेटा अगदी नगण्य लागतो. पण सोनीची सेवाच बंद पडली तर हॉटस्पॉट काय करणार? फेब्रुवारी २०२५मध्ये प्लेस्टेशन नेटवर्क जवळजवळ दिवसभर बंद होतं, तेही शनिवार-रविवारला जोडून. ज्यांचं 'घर' स्वतःच्या मशीनवर होतं ते आपले एकट्याने खेळायचे गेम निवांत खेळत होते. आम्हा अदलाबदलवाल्यांना आपापले गेम बंद. मी त्या दिवशी मित्राने घेतलेला एक गेम खेळलो, कारण तो मशीनच्या वाटेने येत होता. सोनीने नंतर प्लसच्या, म्हणजे प्लेस्टेशनच्या सशुल्क वर्गणीच्या, सभासदांना पाच दिवस वाढवून दिले.

आता प्रत्यक्ष कसं करायचं. फोनवर पासवर्ड सांगून करू नकोस, नाशिकला जा. तसंही भेटणं होतंच. निघण्यापूर्वी आपल्या मशीनवर सेटिंग्ज, युझर्स अँड अकाउंट्स, अदर, आणि तिथे कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले बंद कर. त्याच्याकडे गेल्यावर त्याच्या मशीनवर नवा युझर म्हणून स्वतःच्या हाताने लॉगिन हो, त्याच ठिकाणी जाऊन तोच पर्याय चालू कर. मग तुझ्या लायब्ररीतून जे गेम त्याला हवेत ते तिथे बसूनच डाउनलोडला लाव. मोठे गेम शंभर जीबीच्या आसपास असतात आणि सुरुवातीच्या पीएस५च्या ८२५ जीबीपैकी वापरायला ६६७ जीबीच मिळतात, त्यामुळे काय ठेवायचं, काय उडवायचं हे त्याला आधी ठरवू दे. परतल्यावर, किंवा तो पुण्याला येईल तेव्हा, हेच उलट्या दिशेने.

तिथून उठण्यापूर्वी आणखी थोडं काम आहे, आणि ते कंटाळा न करता कर. तुझ्या युझरला चार आकडी पासकोड लाव. खरेदीच्या वेळी पासवर्ड मागण्याचा पर्याय चालू कर. अकाउंटला कार्ड जोडलेलं असेल तर काढून टाक आणि वॉलेटमध्ये लागतील तेवढेच पैसे भर. टू-स्टेप व्हेरिफिकेशन आधीपासून हवंच. मित्रावर विश्वास नाही म्हणून हे करायचं नसतं. त्याच्या घरी त्याचे चुलत भाऊ येतात, शेजारची पोरं येतात, आणि कंट्रोलर कुणाच्याही हातात जातो.

तो पासकोड दुसऱ्याही कारणासाठी लागतो. एकच अकाउंट एकाच वेळी दोन पीएस५वर ऑनलाइन राहू शकत नाही. त्याच्याकडे कुणी चुकून तुझ्या युझरने आत शिरलं तर तू इकडे ऐन सामन्यातून बाहेर फेकला जाशील. मित्राने नेहमी स्वतःच्याच युझरने खेळायचं. तुझा युझर तिथे नुसता पडून राहू दे, पण डिलीटही करायला सांगू नकोस. आणि सगळं बरोबर असूनही कुलूप दिसलं, तर त्याच 'अदर'मध्ये रिस्टोअर लायसन्सेस आहे. बहुतेक वेळा तेवढ्याने भागतं.

प्लसचं विचारलं नाहीस, पण पुढे विचारशीलच. तुझ्याकडे प्लस असेल तर ऑनलाइन मल्टिप्लेअर आणि गेम कॅटलॉग (वर्गणीतच मिळणारे गेम) 'घरच्या' मशीनवरच्या इतरांनाही मिळतात, म्हणजे तुझ्या एका प्लसवर मित्राचंही भागेल. क्लाउडवरचे सेव्ह आणि सवलती मात्र ज्याचं प्लस त्यालाच. डीएलसी, म्हणजे गेमला नंतर जोडायचा जादा भाग, वाटलं जातं, गेम आणि डीएलसी एकाच रीजनच्या, म्हणजे एकाच प्रदेशाच्या, स्टोअरचे असले म्हणजे झालं. गेममधली नाणी-बिणी, जी घेतली आणि खर्चली, ती वाटली जात नाहीत. डिस्कच्या गेमचा या सगळ्याशी संबंध नाही. ज्याच्या ड्राइव्हमध्ये डिस्क, तो खेळणार.

आता माझा फटका. पीएस५ आपल्याकडे २ फेब्रुवारी २०२१ला आला. त्या वर्षी माझ्या त्या मित्राने नवीन घेण्यासाठी जुना पीएस४ ऑनलाइन जाहिरात देऊन विकला. सगळं पुसून, चकाचक करून दिला. पण पुसण्याआधी माझ्या अकाउंटचं प्रायमरी काढायचं दोघांच्याही लक्षात राहिलं नाही. म्हणजे माझं 'घर' आता कुठल्यातरी अनोळखी माणसाकडच्या मशीनच्या नावावर. वेबवरून सगळ्या मशीनवरची नोंदणी एकदम काढता येते, पण ती सोय सहा महिन्यांतून एकदाच. आणि मी ती चारच महिन्यांपूर्वी, काही गरज नसताना, नुसतं करून बघू म्हणून वापरली होती. ते 'घर' मला माझ्या मशीनवर परत आणता येईना, त्यामुळे दोन महिने माझी मुलगी स्वतःच्या अकाउंटवरून माझा एकही गेम खेळू शकली नाही. सुट्टीचे दिवस होते. तिला काय सांगायचं? म्हणून कळकळीने सांगतो: मशीन विकायचं, दुरुस्तीला द्यायचं किंवा पुसायचं असेल तर आधी एकमेकांना फोन करायचा, हे आजच ठरवून घ्या. आणि ती वेबवरची सोय जपून ठेव. ती अडचणीच्या वेळेसाठी आहे.

धोक्याबद्दल. 'घरचं' मशीन ही सोय घरातल्या माणसांसाठी बनवलेली आहे आणि अकाउंट दुसऱ्याला वापरायला देऊ नये हे प्लेस्टेशनच्या अटींत आहे. नाशिकचा मित्र तुझ्या घरात राहत नाही, हे तुला माहीत असू दे आणि त्या जाणिवेनेच निर्णय घे. मी दहा वर्षांहून अधिक काळ एकाच माणसाबरोबर केलं, अकाउंटवर कधी कारवाई झाली नाही, पण माझ्या अनुभवाला हमी समजू नकोस. ज्याला ऑनलाइन गेममध्ये चीट वापरायची सवय आहे त्याच्या मशीनवर तुझं अकाउंट ठेवू नकोस, मग तो कितीही जवळचा असो.

आणि टेलिग्राम-इन्स्टावर 'प्रायमरी' आणि 'सेकंडरी' अशा नावांनी जे एक हजारात, दीड हजारात गेम विकतात, त्यांच्या वाटेला जाऊ नकोस. ते याच दोन वाटांचे तुकडे करून अनोळखी लोकांना विकतात. अकाउंट विकणाऱ्याचं, ईमेल त्याचा. उद्या त्याने पासवर्ड बदलला की तुझे पैसे गेले, आणि तक्रार तरी कुणाकडे करणार? तुझ्या मित्राचं आणि तुझं जे चाललंय त्यात निदान दोघांची अकाउंट आपापल्या नावावर आहेत.

पैशांचं मी एकच सांगेन: एका गेमचे अर्धे-अर्धे पैसे काढू नका. पाळी लावा. एक गेम तू घ्यायचा, पुढचा त्याने. गेम ज्याच्या अकाउंटवर त्याचा, पूर्णपणे त्याचा. उद्या कुणी परदेशी गेला, लग्न झालं, खेळणं सुटलं, तर 'घर' आपापल्याकडे परत आणायचं आणि हिशेब काढायची वेळच येत नाही. एखादा गेम कुणाला फक्त कथेसाठी एकदाच खेळायचा असेल, तर तो डिस्कवर घ्या. डिस्क खेळून झाल्यावर मित्राला देता येते आणि नंतर विकताही येते. डिजिटल गेम विकता येत नाही, आणि डाउनलोड सुरू केला की स्टोअर सहसा पैसेही परत करत नाही.

दुसऱ्या मशीनबद्दल वाचणारे असतील म्हणून थोडंसं. मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्सवर हेच सगळं 'होम एक्सबॉक्स' या नावाने चालतं. तिथे होम वर्षातून पाच वेळा बदलता येतं. निन्टेन्डोने एप्रिल २०२५मध्ये आपल्या स्विच या कन्सोलसाठी व्हर्च्युअल गेम कार्ड आणलं. त्यात फॅमिली ग्रुपमधल्या माणसाला गेम दोन आठवड्यांसाठी उसना देता येतो, आणि तेवढे दिवस तो तुमच्याकडे चालत नाही. मला ही पद्धत मनापासून आवडली, कारण लहानपणी कॅसेट जशी उसनी द्यायचो तसंच आहे हे, आणि कंपनीच्या नियमांत बसून होतं. उसना देताना मात्र दोन्ही मशीन जवळजवळ लागतात, त्यामुळे पुणे-नाशिक अंतरावर लगेच उपयोग नाही.

आता तुझ्यापुरतं. भाऊ रोज तुझे गेम खेळत असेल तर तू तुझं 'घर' हलवू नकोस. मित्राच्या घरी दुसरं कुणी खेळत नसेल तर त्याने त्याचं 'घर' तुझ्याकडे द्यायला हरकत नाही, पण ते एकतर्फी होईल. मग बदल्यात तू त्याला डिस्कवरचे गेम दे. अजून एक शक्यता तपासून बघ: मित्राकडे जुना पीएस४ पडून आहे का? एका अकाउंटला एक पीएस५ आणि एक पीएस४ अशी दोन्ही 'घरं' एकाच वेळी ठेवता येतात. तसं असेल तर तुझं पीएस५चं 'घर' भावासाठी पुण्यातच राहील, पीएस४चं नाशिकला जाईल, आणि ज्या गेमची पीएस४ आवृत्तीही तुझ्या खरेदीत आलेली आहे ते सगळे मित्राला त्या जुन्या मशीनवर खेळता येतील. त्याच्याकडे पीएस४ आहे की नाही ते विचारून इथे लिही, आणि तुझ्या लायब्ररीत कोणते गेम आहेत तेही. मग त्यातले कोणते तिकडे चालतील ते एकेक करून बघू.